फुलाच्या खणातली खळ

४ ऑगस्ट, रविवार

आज परत तेच. मशीन थांबलं, शर्ट बाहेर काढले, नाकाशी नेले. ओल्या फडक्याचा वास. हॉटेलात टेबल पुसायला ठेवलेलं असतं ना, तसलं फडकं. परत मशीनमध्ये टाकले, परत धुतले. वास वाढला.

वरचा ट्रे ओढून बघितला. तीन खण. दोन पावडरचे, तिसऱ्यावर फुलाचं चित्र. फुलाच्या खणात पाणी तसंच उभं. पांढुरकं, वर साय धरलेलं. बोट घातलं. घालायला नको होतं. साबणाने तीनदा धुतलं तरी जेवताना बोटाला तोच वास, वरण तसंच ठेवून उठलो.

सुमनला लातूरला फोन केला. ऋतुजाचा डबा भरणं चाललं होतं. जूनपासून नातीची अकरावी आणि मेडिकलचा क्लास, आणि आजीचा मुक्काम तिथं भाड्याच्या दोन खोल्यांत. पोरीचे आईबाप पुण्यात नोकऱ्या करणार आणि आमची म्हातारी लातूरला पोळ्या लाटणार. जाताना म्हणाली होती, पोर रुळली की येते. पोर रुळून महिना झाला.

"सॉफ्टनर जास्त ओतत असाल. रेघेच्या वर जाऊ देऊ नका," म्हणाली.

म्हटलं, रेघेच्या खालीच ओततो. ते खरं आहे. सॉफ्टनर ओततो असं मी कुठं म्हणालो.

६ ऑगस्ट, मंगळवार

ओततो ती खळ. साबुदाण्याची. यात लपवण्यासारखं काही नाही, पण सु. ला सांगितलं नाही एवढंच. तीही त्याच फुलाच्या खणात काहीतरी पांढरं ओतायची, मी या डोळ्यांनी बघितलेलं आहे. मग तिच्या वेळी शर्ट कडक आणि बिनवासाचे कसे, आणि माझ्याच वेळी हे गटार का?

साबुदाणा भिजवा, शिजवा, गाळा. गाळताना अर्धा गाळणीतच राहतो. पातेल्याच्या बुडाशी जो थर बसतो तो उलथन्याने खरवडावा लागतो. एवढं करून शर्ट मऊ तो मऊच. मऊ आणि वर घाणेरडा.

लोक म्हणतील, रिटायर झालास, आता कशाला कडक शर्ट. म्हणू देत. पाटबंधारे खात्यात नोकरी लागली तेव्हा बाबा मुखेडहून बघायला आले होते. त्यांचा जन्म दुसऱ्याच्या शेतावर गेला, अंगात कायम चुरगळलेला सदरा. त्यांनी माझ्या कॉलरला हात लावून बघितला, म्हणाले, कागदावानी लागतंय रे. त्यानंतर मऊ शर्ट घालून मी घराबाहेर पडलेलो नाही.

११ ऑगस्ट, रविवार

सकाळी विहारात वंदनेला. पांढरा शर्ट, त्यातल्या त्यात बरा होता तो. वर अत्तराचा फाया. शेजारी कांबळे सर येऊन बसले. जरा वेळाने नाक वर केलं, इकडं तिकडं बघितलं, आणि सतरंजीवरून हळूच पलीकडं सरकले.

बाहेर आल्यावर म्हणतात, "मागची नाली तुंबली वाटतं."

मी म्हणालो, "हो, तक्रार द्यायला पाहिजे."

घरी येऊन शर्ट काढला आणि बाल्कनीत फेकला. आंघोळ केली. अंगाला वास नव्हता, तरी केली.

१३ ऑगस्ट, मंगळवार

कंपनीला फोन. मराठीसाठी हे दाबा, तक्रारीसाठी ते दाबा. सगळं दाबलं. मग गाणं. मग एक बाई, तिला 'फुलाचं चित्र असलेला खण' हे तीनदा सांगितलं. ती म्हणते, सर, मशीन फिरतंय ना? फिरतंय. मग सर प्रॉब्लेम काय आहे?

प्रॉब्लेम असा की घरात मेलेला उंदीर ठेवल्यासारखा वास येतोय बाई.

शनिवारी माणूस येईल म्हणाली.

१७ ऑगस्ट, शनिवार

आला. चिखलाचे बूट घालून थेट आत. एका हाताने फोनवर व्हिडिओ बघणं चालूच, दुसऱ्या हाताने मशीनवर टकटक. ट्रे उघडलाच नाही. मी उघडून दाखवला तर दोन पावलं मागं सरला.

"काका, बोर्ड गेला असंल."

"अरे बाबा, बोर्डाचा आणि वासाचा काय संबंध?"

"बोअरचं पाणी हाय न्हव? मग असंच ऱ्हाणार. मशीन जुनं झालंय. नवीन घेऊन टाका."

मशीन जुनं झालंय म्हणे. चार वर्षं. आजकाल चार वर्षांत सगळंच जुनं होतं. जाताना एक पावडरचं पाकीट गळ्यात मारून गेला. ड्रममध्ये टाका, गरम पाण्यावर रिकामं फिरवा. फरशीवर त्याच्या बुटांची रांग, बाथरूमपर्यंत. पुसत बसलो. एक दिवस फरशी पुसून बघितली की कळतं लोक किती घाण असतात.

१८ ऑगस्ट, रविवार

पावडर टाकली. मशीन गरम झालं, घुसमटलं, आणि त्या ट्रेच्या फटीतून फेस बाहेर. पिवळट. फेसाबरोबर खळीच्या गाठी, एकेक बोराएवढी. फरशीवर आपटून पसरायच्या. चप्पल त्यावरून घसरली, पडलो असतो.

रिकामंच फिरवायचं तर मी हुशारी करून काळी पँट टाकली होती आत. पँटवर त्या गाठी चिकटल्या. वाळल्यावर शेंबूड वाळल्यासारखं दिसलं. पँट शेजारच्यांच्या मोलकरणीला दिली तर तिनेही घेतली नाही.

समोरचे मन्सूरभाई टेम्पो धूत होते, त्यांनी खिडकीतून विचारलं, "साहेब, घरात काय शिजवून राहिले? लई उग्र वास यायला."

म्हटलं, काही नाही, फरशी धुतोय.

२१ ऑगस्ट, बुधवार

सु. चा फोन. माझं बोलणं कमी, पलीकडच्या पोरींचा गलका जास्त. आजी, अजून एक पोळी. आजी, माझा टॉवेल कुठं गेला. म्हटलं, ही कोणती जत्रा?

"समोरच्या खोलीतल्या पोरी. एक बिलोलीची, एक नायगावची, दोघी उमरग्याच्या. मेसचं खाऊन खाऊन तोंडं वाळली होती त्यांची. आता माझ्याकडंच जेवतात."

"तू ऋतूसाठी गेलीस ना?"

"हाव, मग काय झालं. पाच जणींचं करायला येळ तेवढाच लागतो."

कधी येणार, विचारलं. आवाज नेहमीचाच ठेवला होता. म्हणाली, "दसऱ्याला येते. धम्मचक्र दिनाला घरीच असावं."

आली तर राहायलाच आली पाहिजे. दोन दिवस राहून गेली तर मला नाही चालणार, हे तिला सांगितलं नाही, इथं लिहून ठेवतो. घर असं सडक्या वासाचं असेल तर ती दारातूनच मागं फिरेल. फिरेल कशाला, तिला कारणच मिळेल. म्हणजे दसऱ्याच्या आत हे मशीन स्वच्छ झालं पाहिजे. बाकी काही नाही.

२५ ऑगस्ट, रविवार

लिहू की नको. लिहितो.

ट्रे पुरता बाहेर निघतो. आतल्या बाजूला एक जीभ आहे, ती दाबून ओढायचं. इतके दिवस मी वरवर पुसत होतो. आज जीभ सापडली, ओढला, निघाला.

खालच्या बाजूला काळं. काजळीसारखं कोरडं असतं तर बरं, हे ओलं, लोंबणारं. आणि त्यात हालचाल. आधी वाटलं डोळे फिरले. चष्मा पुसून बघितलं. अळ्या. केसाएवढ्या बारीक, करड्या, वळवळणाऱ्या. मोरीत ज्या बारक्या माश्या बसतात त्यांचीच पिल्लं असावीत. फुलाच्या खणात. ज्या खणातलं पाणी माझ्या शर्टांवर शेवटी पडतं, ते शर्ट घालून मी विहारात, बँकेत, लग्नाला.

ट्रे हातातून सुटला. बाल्कनीत जाऊन ओकलो. सकाळचे पोहे सगळे.

नंतर चिमट्याने उचलून बादलीत टाकला, वरून उकळतं पाणी. झाकण लावलं, झाकणावर वीट. दिवसभर त्या बाजूला गेलो नाही. रात्रीचं जेवण केलं नाही. हे घर एकट्या माणसाचं झालं की घरात असली जनावरं पैदा होतात.

२६ ऑगस्ट, सोमवार

वीट काढली. अळ्या मेल्या होत्या, वर तरंगत होत्या. त्या गाळून टाकल्या, कशा ते लिहीत नाही.

फुलाच्या खणात एक टोपण आहे, त्याखाली नळी. नळी गच्च. आत घट्ट पिवळट काहीतरी, खरवसासारखं. आता जन्मात खरवस खाणार नाही. टोपण निघेना म्हणून सु. ला फोन.

"वर ओढा सरळ. कशानं अडकलंय?"

आता काय सांगणार. "खळ आहे."

"खळ? मशीनमधी?"

"तूच तर ओतायचीस."

"मी कामून मशीनमधी खळ ओतू? ते सॉफ्टनर होतं, माझ्या साड्यांचं. खळ बादलीत करायचे मी. गच्चीवर, दर रविवारी. एकेक शर्ट बुडवून, पिळून, झटकून. तुम्ही तिथंच खुर्ची टाकून पेपर वाचत बसायचे की."

आणि हसायला लागली. आधी एकटी. मग तिकडं कुणाला तरी सांगितलं असणार, कारण चार-पाच पोरी एकदम हसल्या. ऋतूचा आवाज ओळखला. "आबांनी मशीनला साबुदाणा खाऊ घातला." फोन ठेवून दिला.

बसून आठवून बघितलं. खुर्ची आठवते. पेपर आठवतो. हिवाळ्यातलं ऊन पाठीवर घ्यायचो तेही आठवतं. कॉलर कडक झाली नाही म्हणून मी शर्ट परत दिलेला आठवतो, एकदा नाही, पुष्कळदा. बादली काही केल्या आठवत नाही.

तिनेही एकदा सांगायला काय झालं होतं? बादली बघा म्हणून.

१ सप्टेंबर, रविवार

किराणावाल्याकडून लिंबाचं फूल आणलं, आंबट खड्यांची पुडी. गरम पाण्यात विरघळवून ट्रे त्यात बुडवून ठेवला. जुन्या टूथब्रशने घासला. पाणी दर वेळी काळं. परत पाणी, परत ब्रश. नळीत काडी घातली, अर्धी काडी आत तुटली, ती काढायला सुई. टोपण आता उचललं जातं.

मग ट्रे जिथं बसतो ती पोकळी. टॉर्च लावून आत बघितलं तर छताला बारीक भोकं, त्यांतून पाणी पडतं. भोकांवर बोअरच्या पाण्याचा चुना, जागोजाग टरारून. टाचणीने एकेक भोक मोकळं केलं. मान आखडली. हे सगळं करताना नाकाला रुमाल बांधला होता, तरी ते काळं उडून कपाळावर लागलं.

मन्सूरभाई दारात उभे राहून बघत होते. "लई मेहनत करून राहिले साहेब. भाभी यायल्यात वाटतं."

"दसऱ्याला."

"तवाच."

८ सप्टेंबर, रविवार

चाचणी. फुलाच्या खणात नुसतं पाणी, रेघेखाली. शेवटच्या खंगाळ्याला कान देऊन बसलो. सुर्र आवाज झाला आणि पाणी ओढलं गेलं. उघडून बघितलं, तळाशी चमचाभर उरलं होतं. मोबाइलवर वाचलं, तेवढं उरतंच.

वास नाही. शर्ट तीनदा नाकाशी नेला, नाही म्हणजे नाही.

पण मऊ. नुसता मऊ, लोंबणारा. तो घालून आरशात बघितलं. कुणीतरी दुसराच माणूस, आजारी वाटणारा. विहारात गेलो नाही.

१५ सप्टेंबर, रविवार

गच्चीवर बादली. साबुदाणा शिजवला, दोनदा गाळला. शर्ट बुडवला, पिळला. कोपरापर्यंत चिकट. वारा नाही, माश्या सगळ्या माझ्याच हातांवर. ही बया हे दर आठवड्याला करत होती?

वाळल्यावर शर्ट दोरीवरून काढला तर तो हातात उभाच राहिला. बाह्या आतून चिकटलेल्या. हात घालायचा तर आधी पट्टीने बाही उघडावी लागली, टरटर आवाज करत. घालून बसलो तर पाठीवर मोडला. खळ घट्ट झाली. तिला प्रमाण विचारता येईल, पण परत त्या सगळ्या पोरी हसणार.

२२ सप्टेंबर, रविवार. लातूर.

न सांगता आलो. नांदेडहून एसटी, शेजारच्याने अहमदपूर येईपर्यंत माझ्या खांद्यावर झोप काढली, लाळेसकट.

लातूर मला कधीच आवडलं नाही. जिकडं बघावं तिकडं पोरांचे फोटो, खाली मार्क. चौकात, खांबावर, रसवंतीच्या छपरावर. पोरं पाठीला दप्तर लावून खाली मान घालून चाललेली, रविवारीसुद्धा. नळाला पाणी कधी येईल ते देवालाही ठाऊक नाही, सगळ्या जिन्यांत पिंप आणि पिंपांवर शेवाळ.

सु. चं घर दुसऱ्या मजल्यावर. मोरी सामाईक. मोरीच्या जाळीवर पोरींच्या केसांचा गुंता, ओला, हाताएवढा. मी बघितला आणि पाय धुवायचे राहू दिले.

सु. तिथंच दगडावर धुणं धूत होती. ऋतूचे कपडे, शिवाय त्या चारही जणींचे. मला बघून, "अगं बाई, तुम्ही?" आणि हात पदराला पुसले. हात बघितले मी. बोटांच्या पेरांना चिरा, साबणाने पांढऱ्या पडलेल्या. नांदेडला असताना असे नव्हते.

"पोरींना हात नाहीत का?"

"टेस्ट असत्या त्यांना रोज. मीच म्हणाले टाका म्हणून."

जेवायला बसलो तर चार पोरी अंगावरून ओलांडून गेल्या. आबा जयभीम, आबा नमस्ते. ती उमरग्याची एक कोपऱ्यात मुसमुसत होती, मार्क कमी पडले म्हणून. सु. तिच्या डोक्याला तेल चोळत बसली आणि चोळता चोळता माझ्या ताटात भाजी वाढत होती. त्याच हाताने. तेलाचा हात, भाजीची पळी. 

मला बसायला फक्त कॉट. कॉटवर बसलं की कुणाचं तरी पुस्तक मागं दबायचं. दुपारच्या गाडीने परत निघालो. सु. स्टँडपर्यंत आली. रस्त्यात भाजीवाली तिला आजी म्हणून थांबवते, मेडिकलवाला थांबवतो. नांदेडला तिला आमच्या गल्लीबाहेर कुणी ओळखत नाही. मशीन नीट झालंय, हे सांगितलं. खूश झाली. मनापासून झाली.

२९ सप्टेंबर, रविवार

खळ पातळ केली. आज कॉलर बरी बसली. बाही दुमडते, पण उभी राहत नाही. अजून एक-दोन वेळा केलं की जमेल.

ट्रे दर धुण्यानंतर बाहेर काढून कोरडा करून ठेवतो. मोरीत फिनेल. फ्रीज पुसला. फ्रीजच्या रबरात जे होतं त्याबद्दल लिहीत नाही.

१२ ऑक्टोबर, शनिवार. दसरा, धम्मचक्र दिन.

सु. काल संध्याकाळी आली. दारात चप्पल काढल्या काढल्या नाक वर. वास घेतला. म्हणाली, "फिनेल." मशीनपाशी गेली, ट्रे ओढला, फुलाच्या खणात बोट फिरवलं, बोटाकडं बघितलं. स्वच्छ.

"छान केलंत हो."

चाळीस वर्षांत तिनं मला असं म्हटल्याचं आठवत नाही. म्हणाली असेल तर मी पेपर वाचत असेन.

सकाळी दोघे विहारात. ती पांढऱ्या साडीत, मी माझ्या हातच्या खळीच्या शर्टात. निघताना तिनं कॉलर दोन बोटांत धरून दाबून बघितली. मग परत एकदा दाबली. कांबळे सर शेजारी बसले, सरकले नाहीत. माझी छाती भरून आली होती, उगाच का लपवू. वाटलं, झालं, आता सगळं जागेवर आलं.

संध्याकाळी चहा घेताना म्हणते, "एक म्हणू का? हे मशीन लातूरला न्यावं."

मला आधी कळलंच नाही.

"तिथं पाच पोरींचं धुणं हाय. माझे हात बघितलेत ना तुम्ही. घरमालकीण जागा द्यायला तयार हाय, जिन्याखाली."

"आणि तू?"

"मी तर तिथंच हाय की. ऋतूची बारावी म्हणजे अजून दीड वर्ष. आणि नंतर बी पोरी येतच राहणार. घरमालकीण म्हणते, आजी, तुम्ही मेस काढा."

"म्हणजे तू राहायला आली नाहीस."

"मला तिथं करमतं हो," म्हणाली. हळू म्हणाली. भांडली असती तर मला बोलता आलं असतं.

"आणि माझे कपडे?"

"तुम्ही पण या ना."

"त्या दोन खोल्यांत? त्या मोरीत?"

"मोरी आपण धुऊ."

चहा गार झाला, वर साय आली. ओतून दिला.

१३ ऑक्टोबर, रविवार

बोललो नाही. तिनं सकाळीच खळ केली. गच्चीवर जाऊन माझे चार शर्ट खळीतून काढून वाळत घातले. मी खुर्ची घेऊन वर गेलो. पेपर नेला नव्हता. ती शर्ट कसा झटकते ते बघितलं. दोन टोकं धरून एकच फटका, पाण्याचे थेंब माझ्या तोंडावर. मी झटकतो ते चूक, मी खांद्याला धरतो.

दुपारच्या गाडीने गेली. जाताना, "टेम्पोचं बघा तेवढं."

इतके दिवस मी हे गटार कुणासाठी उपसलं? अळ्या, ओकारी, टाचण्या. आणि आता स्वच्छ झालं तर उचला आणि न्या. किळस आली मला. मशीनची नव्हे. माझ्या त्या फिनेलची, त्या छाती भरून येण्याची.

२० ऑक्टोबर, रविवार

मन्सूरभाईंना काही दिवस टाळलं. मग ऋतूचा फोन, "आबा, आजीच्या बोटातून रक्त आलं आज." मग त्यांच्याकडं गेलो.

आज सकाळी नेलं. ड्रम हलू नये म्हणून लावायचे बोल्ट कुठं गेले देव जाणे, मन्सूरभाईंनी आत गोधड्या कोंबल्या. मशीन जिथं होतं तिथं भिंतीवर चौकोनी डाग, कडेनं जाळी, मेलेली झुरळं, एक मोजा. मोजा माझाच.

ट्रे मी आधीच काढून घेतला होता. वाटेत हादरे बसून मोडला असता. टॉवेलात गुंडाळून हातात धरून उभा होतो.

मन्सूरभाई म्हणाले, "द्या साहेब, पुढं ठेवतो. का तुम्हीच घेऊन बसताव? सीट रिकामं हाय."

म्हटलं, आज नको, आज काम आहे. काम कसलं, भिंतीवरचा डाग. टेम्पो वळला. ट्रे हातातच राहिला.

२१ ऑक्टोबर, सोमवार

सु. चा फोन, सकाळीच. "अहो, याचा वरचा ट्रे कुठाय? नुसतं भोक दिसायलंय."

"इथं राहिला. विसरलो."

 चाळीस वर्षं एका खोलीत झोपलेली बाई आहे, तिला काय कळत नसेल.

"विसरलात."

"हो."

"मग आणून देताव का कुरियर करताव?"

"बघतो."

"पोरींचं धुणं साचलंय," म्हणाली. मग थोड्या वेळानं, "मोरी धुतली मी काल. पोरींनाही लावलं धुवायला. जाळी बदलली."

मी जाळीबद्दल तिला काही बोललो नव्हतो. पाय न धुता बसलो होतो एवढंच.

२३ ऑक्टोबर, बुधवार

ट्रे टेबलावर आहे. जेवताना समोर. स्वच्छ असला तरी जेवताना तो बघवत नाही, आणि उचलून दुसरीकडंही ठेवत नाही.

कुरियरवाला चौकात आहे. खोकं मागून आणलं. खोक्याला मच्छीचा वास. त्यात ट्रे घालायचं मन होईना, इतका घासलेला. खोकं बाहेर ठेवलं.

लातूर तसंच आहे. पाणी नाही, पोरी अंगावरून ओलांडतात, तेलाच्या हाताने भाजी वाढतात. कॉटवर पाय पसरता येत नाहीत. आणि रोज कोण कुणाचे मार्क कमी म्हणून रडणार, ते बघत बसायचं. मला नाही जमायचं. इथं माझं घर आहे, विहार आहे, कांबळे सर आहेत. इथं दिवसभर कुणी मला हाक मारत नाही, हेही आहे.

दुपारी एक शर्ट धुतला, हाताने. खळीतून काढला. दोन टोकं धरून एकच फटका मारला, थेंब तोंडावर आले. दोरीवर टाकला.

उद्या सकाळची गाडी आहे. मळक्या शर्टात तर मी कुठं जात नाही. संध्याकाळी जाऊन हात लावून बघितला. अंग वाळलंय, कॉलर अजून ओली आहे.